एका पेनीची ताकद : डॅनिअल ओकॉनेल (१७७५–१८४७)



सुमारे दोनशे वर्षांपूर्वीचे डब्लिन शहर डोळ्यांसमोर आणा. हिवाळ्यातली पहाट आहे, पाच वाजून गेले आहेत. रात्रभर मेजवानीत रमलेला एखादा माणूस मेरिअन स्क्वेअरमधून घरी परतत असेल, तर त्याला सगळी घरे अंधारात बुडालेली दिसत आणि एकाच खिडकीत दिवा जळताना दिसे. खिडकीच्या फटीतून डोकावले तर आत एक उंच, धिप्पाड माणूस मेजाशी उभा असे. समोरच्या भिंतीवर क्रूस. पाहणाऱ्याला वाटे, कुणी मोठे धर्मगुरू सकाळची प्रार्थना म्हणत असावेत. मग मेजावरची कायद्याची जाडजूड पुस्तके आणि खटल्यांच्या कागदांचे गठ्ठे नजरेस पडत. हा माणूस वकील होता. दिवसभर कोर्टात आणि संध्याकाळी सभेत याचाच आवाज सगळ्यांत मोठा असे.

हे चित्र रिचर्ड लेलर शील या त्यांच्या सहकारी वकिलाने लिहून ठेवले आहे. डॅनिअल ओकॉनेल यांच्याविषयी सरकारी दफ्तरात पुष्कळ कागद आहेत, पण माणूस म्हणून ते आपल्याला भेटतात ते अशा आठवणींतूनच. विल्यम ओनील डॉन्ट नावाचे एक गृहस्थ त्यांच्याबरोबर घोडागाडीतून गावोगाव हिंडले, त्यांच्या पंक्तीला जेवले आणि त्यांनी सांगितलेले किस्से टिपून ठेवत राहिले. ओकॉनेल यांच्या मृत्यूनंतर वर्षभरातच, १८४८ साली, डॉन्ट यांनी या आठवणींचे पुस्तक दोन खंडांत छापले. पुढे जे वाचाल त्यातले बरेचसे अशा लोकांमुळेच टिकले.

ओकॉनेल यांचा जन्म ६ ऑगस्ट १७७५ रोजी आयर्लंडच्या नैर्ऋत्य टोकाला, केरी परगण्यातल्या काहरसिवीन गावाजवळ झाला. त्या काळी आयर्लंडवर इंग्लंडच्या राजाची सत्ता होती. देशातल्या दर पाच माणसांपैकी चार कॅथॉलिक, पण जमीन, न्यायालये, पार्लमेंट आणि सैन्यातली मोठी पदे या सगळ्यांवर मूठभर प्रॉटेस्टंट घराण्यांचा ताबा. कॅथॉलिक माणसाला दडपण्यासाठी सतराव्या शतकाच्या अखेरीपासून एकामागून एक कायदे झाले होते. कॅथॉलिकाने जमीन विकत घ्यायची नाही, शाळा चालवायची नाही, मुलांना शिकायला परदेशी पाठवायचे नाही, वकील व्हायचे नाही, मत द्यायचे नाही. पाच पौंडांहून अधिक किमतीचा घोडासुद्धा बाळगायचा नाही. बाप वारला की जमीन सर्व मुलांत वाटून तिचे तुकडे करायचे. पण थोरला मुलगा प्रॉटेस्टंट झाला तर सगळी जमीन त्याची! भावाभावांत फूट पाडण्याची यापेक्षा हुशार युक्ती कुणाला सुचली नसती.

ओकॉनेल घराणे यातूनही तगले, कारण ते अगदी आडबाजूला राहत होते. डोंगर आणि समुद्र यांच्या बेचक्यात डेरिनेन नावाचे त्यांचे घर होते. रस्ता धड नव्हता, पण समुद्र मोकळा होता. फ्रान्सहून जहाजे येत, त्यांतून दारू, चहा, रेशीम उतरे, आणि जकात अधिकारी तिथवर पोहोचेपर्यंत माल पसार झालेला असे. स्पष्टच सांगायचे तर घराण्याच्या संपत्तीत चोरट्या व्यापाराचा मोठा हात होता. हा सगळा कारभार डॅनिअलचे काका मॉरिस यांच्या हाती असे. सरकारने उंची टोप्यांवर कर बसवला, तेव्हा कर भरायला नको म्हणून या काकांनी शिकारीची मखमली टोपी घालायला सुरुवात केली आणि जन्मभर सोडली नाही. लोकांनी त्यांचे नावच हंटिंग कॅप पाडले. त्यांना मूलबाळ नव्हते, म्हणून पुतण्या डॅनिअलला त्यांनी आपल्याकडे ठेवून घेतले.

त्याआधी रिवाजाप्रमाणे डॅनिअल तान्हेपणी एका गरीब कुटुंबात दाईकडे वाढला. तिथे सगळे आयरिश भाषा बोलत. तेच आपले आईबाप, अशी त्याची समजूत होती. सांगतात की, चार वर्षांचा असताना तो आपल्या खऱ्या घरी आला, तेव्हा कुणीतरी त्याला विचारले की, तिकडे कधी मटण खायला मिळाले का? हो, आमच्या बाबांनी मॉर्गन ओकॉनेलची एक मेंढी पळवून आणली होती, असे पोराने सांगून टाकले. समोर बसलेला मॉर्गन ओकॉनेल हाच आपला जन्मदाता, हे त्याला ठाऊक नव्हते!

आयर्लंडमध्ये कॅथॉलिक मुलांना उच्च शिक्षणाची सोय नव्हती, म्हणून काकांनी १७९१ साली डॅनिअल आणि त्याचा भाऊ मॉरिस यांना फ्रान्समध्ये आधी सेंट ओमेर आणि मग दुए येथील कॉलेजात पाठवले. पण वेळ वाईट होती. फ्रेंच राज्यक्रांती रक्तात न्हात होती. धर्मगुरूंच्या कत्तली झाल्या होत्या. जानेवारी १७९३ मध्ये दोघे भाऊ जीव मुठीत धरून कॅले बंदराकडे पळाले. वाटेत लोक त्यांना धर्मगुरूंची पोरे समजून शिव्या घालत, म्हणून त्यांनी टोपीला क्रांतीची तिरंगी फीत लावली होती. जहाज किनाऱ्यापासून दूर जाताच ती त्यांनी समुद्रात फेकून दिली. त्याच सुमारास राजा सोळावा लुई याचा शिरच्छेद झाला होता. जहाजावर आयर्लंडचे दोन भाऊ होते, शिअर्स त्यांचे आडनाव. राजाच्या रक्तात भिजवलेला रुमाल ते अभिमानाने लोकांना दाखवत होते, अशी आठवण ओकॉनेल म्हातारपणी सांगत. पुढे १७९८ च्या बंडात ते दोघे शिअर्स बंधू फासावर गेले.

१७९८ चे ते बंड. ओकॉनेल त्याच वर्षी मे महिन्यात बॅरिस्टर झाले. कायद्यात थोडी ढिलाई होऊन १७९२ पासून कॅथॉलिकांना वकिलीची परवानगी मिळाली होती आणि ते या पहिल्या पिढीतले होते. त्यांनी सनद घेतली आणि त्याच आठवड्यात देश पेटला. त्या उन्हाळ्यात हजारो माणसे मेली. बंडखोरांनी केलेली कत्तल आणि सैनिकांनी उगवलेला सूड, या दोन्हींनी तरुण ओकॉनेल यांच्या मनावर कायमचा चरा उमटवला. रक्त सांडून मिळालेले स्वातंत्र्य टिकत नाही आणि मरतात ते गरीबच, असा त्यांचा ग्रह झाला तो शेवटपर्यंत.

इथे एक गोष्ट लपवून चालणार नाही. लंडनमध्ये कायदा शिकताना ओकॉनेल यांचा विश्वास डळमळला होता. टॉमस पेन, गॉडविन अशा लेखकांची पुस्तके वाचून ते चर्चपासून दुरावले. देव आहे, पण मिस्सा, संस्कार, धर्मगुरू यांची गरज नाही, असे त्यांचे मत झाले. हा काळ बरीच वर्षे चालला. १८०२ साली त्यांनी मेरी ओकॉनेल या दूरच्या नात्यातल्या मुलीशी काकांच्या नकळत लग्न केले. तिच्याकडे हुंड्याला पैसा नव्हता, म्हणून हंटिंग कॅप भयंकर चिडले आणि त्यांनी पुतण्याचा वारसाहक्कच कापला. (पुढे राग निवळला आणि डेरिनेन ओकॉनेल यांनाच मिळाले.) या दांपत्याला बारा मुले झाली, त्यांपैकी सात जगली. मेरीबाई श्रद्धाळू होत्या. पती हळूहळू मिस्साकडे, उपवासाकडे, प्रार्थनेकडे वळला त्यात त्यांचा वाटा मोठा होता. भिंतीवरचा तो क्रूस असा परत आला.

वकील म्हणून त्यांना तोड नव्हती. एका मृत्युपत्राच्या खटल्यात साक्षीदार पुन्हा पुन्हा एकच वाक्य शपथेवर घोकत होता की, सही झाली तेव्हा त्या माणसात जीव होता. हे ठरावीक शब्द ओकॉनेल यांना खटकले. त्यांनी एकदम विचारले की, मेलेल्या माणसाच्या तोंडात जिवंत माशी ठेवली होती ना? साक्षीदार पांढराफटक पडला आणि कबूल झाला. ही गोष्ट डॉन्ट यांनी लिहिली आहे.

दुसरी गोष्ट हसण्याची नाही. १८२९ च्या ऑक्टोबरात कॉर्क येथे डोनरेल भागातल्या काही शेतकऱ्यांवर जमीनदारांच्या खुनाचा कट केल्याचा खटला चालला. पहिल्या चौघांना ज्युरीने काही मिनिटांत दोषी ठरवले आणि फाशीची शिक्षा झाली. उरलेल्यांचे तेच होणार हे दिसत होते. तेव्हा विल्यम बर्क नावाचा एक जण घोड्यावर बसला आणि नव्वद मैलांच्या आसपास अंतर कापून डेरिनेनला पोहोचला. ओकॉनेल विश्रांतीला घरी आले होते. ते लागलीच लहान गाडीत बसून डोंगरवाटांनी निघाले. ते कोर्टात शिरले तेव्हा खटला सुरू झाला होता. त्यांनी न्यायाधीशांची परवानगी घेऊन तिथेच पाव आणि दूध मागवले, आणि तोंडात घास असतानाच सरकारी वकिलाच्या मुद्द्यांना हरकती घ्यायला सुरुवात केली. पुढच्या आरोपींवर ज्युरीचे एकमत होईना, नंतरचे सुटले आणि पहिल्या चौघांची फाशीही रद्द होऊन त्यांना काळ्या पाण्यासारखी हद्दपारीची शिक्षा झाली.

आता त्या हाताची गोष्ट सांगतो.

१८१५ साली एका भाषणात ओकॉनेल यांनी डब्लिनच्या नगरपालिकेला भिकारडी म्हटले. त्या वेळी नगरपालिकेत एकही कॅथॉलिक नव्हता आणि तिचा कॅथॉलिकांना हक्क देण्यास सक्त विरोध होता. जॉन डेस्टेर नावाचा तिचा एक सभासद चवताळून उठला. हा गृहस्थ पूर्वी नौदलाच्या पलटणीत अधिकारी होता, नेमबाज म्हणून नावाजलेला, आणि कर्जात बुडालेला. त्याने द्वंद्वाचे आव्हान दिले. त्या काळी नकार देणाऱ्याला भेकड म्हणत आणि त्याचे सार्वजनिक जीवन संपे. चर्चने द्वंद्व हे महापाप ठरवले होते, हे ओकॉनेल यांना चांगले ठाऊक होते. तरी ते गेले. १ फेब्रुवारी १८१५ रोजी किल्डेअर परगण्यात बिशप्स कोर्ट येथे, लोकांची गर्दी जमलेली असताना, दोघे पिस्तुले घेऊन समोरासमोर उभे राहिले. डेस्टेरची गोळी जमिनीत गेली. ओकॉनेल यांनी नेम खाली धरला होता, पण गोळी त्याच्या कमरेत शिरली. दोन दिवसांनी डेस्टेर मरण पावला. मागे तरुण बायको आणि लहान मुले.

डब्लिनमध्ये लोकांनी आनंदाने होळ्या पेटवल्या. ज्याच्यासाठी पेटवल्या तो मात्र खचून गेला होता. त्याने विधवेला आपल्या कमाईतला वाटा देऊ केला. तिने तो नाकारला. मग डेस्टेरच्या मुलीसाठी वर्षासन बांधून दिले, ते ओकॉनेल मरेपर्यंत, म्हणजे तीस वर्षांहून अधिक काळ, चालू राहिले. पुढे त्या विधवेवर कॉर्कमध्ये कसला तरी खटला आला, तेव्हा मोठ्या फीचे दुसरे काम सोडून ते तिच्या बाजूने उभे राहिले. आणि असे सांगतात की, परमप्रसाद घ्यायला वेदीकडे जाताना ते उजव्या हातात काळा हातमोजा घालत. ज्या हाताने माणूस मारला तो हात प्रभूसमोर उघडा न्यायची त्यांना लाज वाटे.

एवढे होऊनही त्याच वर्षी रॉबर्ट पील यांच्याशी त्यांचे दुसरे द्वंद्व ठरले होते! लंडनमध्ये पोलिसांनी अडवले म्हणून ते टळले. नंतर मात्र त्यांनी पुन्हा कधीही द्वंद्व न करण्याची शपथ घेतली आणि पाळली. जीभ मात्र आवरली नाही. लोकांना ते हवे तसे झोडपत आणि आव्हान आले की शपथेकडे बोट दाखवत, अशी विरोधकांची तक्रार असे. ती अगदीच खोटी नव्हती. १८३५ साली तर त्यांच्या वतीने त्यांचा मुलगा मॉर्गन लॉर्ड अल्व्हॅन्ली यांच्याशी लढायला उभा राहिला.

पण आयर्लंडचे नशीब बदलले ते पिस्तुलाने नव्हे. ते बदलले एका पेनीने.

१७९३ पासून कॅथॉलिक शेतकऱ्याला मत देता येत होते, पण कॅथॉलिक माणसाला पार्लमेंटमध्ये बसता येत नव्हते. तिथे बसण्यापूर्वी जी शपथ व जाहीरनामा म्हणावा लागे त्यात मिस्साबलिदान आणि संतांचा धावा ही मूर्तिपूजा आहे असे कबूल करावे लागे. कोणता कॅथॉलिक हे म्हणेल? १८०१ साली आयर्लंडचे पार्लमेंट बंद करून देश इंग्लंडला जोडला गेला, तेव्हा ही अट काढण्याची आशा दाखवली गेली होती. वीस वर्षे उलटली तरी काही झाले नाही. सुशिक्षित कॅथॉलिक मंडळी अर्ज करत, अर्ज फेटाळले जात.

१८२३ साली ओकॉनेल यांनी कॅथॉलिक असोसिएशन स्थापन केली. वर्गणी वर्षाला एक गिनी, म्हणजे श्रीमंतांपुरतीच. सुरुवातीला सभेला दहा माणसे जमवायचीही मारामार. मग १८२४ मध्ये त्यांनी एक साधी गोष्ट केली. महिन्याला एक पेनी देईल तोही सभासद. ही पेनी रविवारी मिस्सानंतर चर्चच्या दाराशी गोळा होऊ लागली. धर्मगुरू आपोआप सभासद. प्रत्येक धर्मग्रामात वसुली करणारे स्वयंसेवक, त्यांच्याकडे नावांची वही, हिशेब, महिन्याची बैठक. ज्याला आजवर कुणी विचारले नव्हते असा बटाट्यावर जगणारा कूळ शेतकरी पेनी टाकू लागला आणि पेनी टाकली की तिचे काय झाले हे विचारू लागला. मला वाटते, खरी किमया इथे आहे. पैसे जमले ते महत्त्वाचेच, जमीनदाराने छळलेल्या कुळांचे खटले त्यातून लढवले गेले. पण पेनी देणारा माणूस ताठ उभा राहिला. सरकारने १८२५ मध्ये संस्थेवर बंदी घातली. वकीलसाहेबांनी कायद्यातली फट शोधून तीच संस्था नव्या नावाने उभी केली.

१८२८ च्या उन्हाळ्यात क्लेअर परगण्यात पोटनिवडणूक लागली. सरकारचे उमेदवार वेसी फिट्झजेरल्ड हे लोकांना आवडणारे, कॅथॉलिकांच्या मागणीला पाठिंबा देणारे जमीनदार होते. त्यांच्याविरुद्ध कोण उभे राहणार? ओकॉनेल स्वतःच उभे राहिले. कॅथॉलिकाला पार्लमेंटमध्ये बसायला बंदी होती, निवडणूक लढवायला नव्हती!

त्या वेळी मतदान गुप्त नसे. मोठ्याने नाव सांगावे लागे आणि जमीनदाराचा कारभारी समोर उभा असे. चाळीस शिलिंग उत्पन्नाची जमीन असलेल्या कुळांना मत होते आणि आजवर ते मालक सांगेल तिकडे मत देत. मालकाविरुद्ध मत म्हणजे घरदार जाण्याची भीती. तरीही ही माणसे आपापल्या धर्मगुरूंच्या मागोमाग, रांगा करून एनिस शहरात आली, रस्त्यावर झोपली. दारूला कुणी शिवायचे नाही असे ठरले होते आणि ते पाळले गेले. दंगल होईल म्हणून हजारो सैनिक तयार ठेवले होते, त्यांना काही कामच उरले नाही. निकाल लागला : ओकॉनेल २०५७, फिट्झजेरल्ड ९८२.

लंडनमध्ये पंतप्रधान ड्यूक ऑफ वेलिंग्टन आणि गृहमंत्री पील यांना कळून चुकले की, हक्क द्यावे लागतील किंवा यादवी युद्धाला तोंड द्यावे लागेल. १३ एप्रिल १८२९ रोजी कॅथॉलिक मुक्तीच्या कायद्यावर राजाची सही झाली. ओकॉनेल यांची निवड कायद्यापूर्वीची असल्याने त्यांना जुनीच शपथ घ्या असे सांगण्यात आले. मे महिन्यात हाउस ऑफ कॉमन्समध्ये त्यांनी ती छापील शपथ हातात घेतली, शांतपणे वाचली आणि सांगितले की, यातला एक भाग खोटा आहे हे मला ठाऊक आहे, दुसरा खरा असल्याचे मी मानत नाही; म्हणून मी ही शपथ घेणार नाही. मग ते बाहेर पडले, क्लेअरला गेले आणि बिनविरोध पुन्हा निवडून आले.

या विजयाची किंमत मात्र दुसऱ्यांनीच मोजली. त्याच वेळी सरकारने मताचा अधिकार चाळीस शिलिंगांवरून दहा पौंडांवर नेला. दोन लाखांहून अधिक असलेले मतदार एकदम सुमारे ३७ हजारांवर आले. ज्या गरीब कुळांनी घर गमावण्याची भीती पत्करून ओकॉनेल यांना निवडून दिले, त्यांचेच मत गेले. ओकॉनेल यांनी निषेध केला, पण त्यासाठी लढा पुकारला नाही. वकील आणि जमीनदारांच्या मुलांना पार्लमेंटचे दार उघडले, शेतकऱ्याच्या हातून मत सुटले. त्यांच्या आयुष्यातला हा डाग मला त्या द्वंद्वापेक्षा कमी वाटत नाही. त्यासाठी काळा हातमोजा कुणी घातला नाही.

पार्लमेंटमध्ये ते फक्त आपल्या लोकांसाठी बोलले नाहीत. गुलामगिरीविरुद्ध त्यांच्याइतका कडक आवाज थोड्यांचाच होता. अमेरिकेतले आयरिश लोक त्यांच्या चळवळीला पैसे पाठवत. गुलाम बाळगणाऱ्यांना त्यांनी इतके सुनावले की, तिकडच्या दक्षिणेतल्या काही शाखांनी चिडून कामच बंद केले. त्यांनी पर्वा केली नाही. १८४५ साली फ्रेडरिक डग्लस हा गुलामगिरीतून पळून आलेला तरुण डब्लिनच्या सभेत त्यांना ऐकायला आला. ओकॉनेल यांनी त्याला अमेरिकेचा काळा ओकॉनेल म्हटल्याची आठवण त्याने आत्मचरित्रात अभिमानाने लिहिली आहे. ज्यूंवरची बंधने उठावीत म्हणूनही ते झगडले. आपल्यापुरता मागितला तो हक्क नव्हेच, ही त्यांची धारणा होती.

एका बाबतीत मात्र ते अनेकांना खटकतात. आयरिश ही त्यांची दूधभाषा. सभांतून ते ती सहज बोलू शकत. पण ती मरत चालल्याचे त्यांना दुःख नव्हते. इंग्रजी अधिक उपयोगी, लोकांना पोटापाण्याला तीच लागेल, असे ते डॉन्ट यांच्याजवळ बोलले. घरात एक बोली आणि शाळेत दुसरी भाषा शिकलेल्या आपल्यासारख्यांनी यावर आपापले मत बनवावे.

१८४१ मध्ये ते डब्लिनचे लॉर्ड मेयर झाले. ज्या नगरपालिकेमुळे डेस्टेर मेला, तिच्याच खुर्चीवर दीडशे वर्षांनंतर बसलेले ते पहिले कॅथॉलिक. आता त्यांना आयर्लंडचे स्वतःचे पार्लमेंट परत हवे होते. १८४३ मध्ये गावोगाव प्रचंड सभा झाल्या. सर्वांत मोठी सभा टारा टेकडीवर, १५ ऑगस्टला, मरियामातेच्या स्वर्गोन्नयनाच्या सणाच्या दिवशी भरली. (आपल्याला १५ ऑगस्टला मिस्सा आणि झेंडावंदन दोन्ही असतात, म्हणून ही तारीख लक्षात राहील.) काही लाख लोक जमले, टेकडीवर ठिकठिकाणी वेद्या मांडून मिस्सा झाल्या. फादर थिओबाल्ड मॅथ्यू यांच्या दारूबंदी चळवळीने लाखोंनी शपथ घेतली होती, त्यामुळे एवढ्या गर्दीतही गोंधळ झाला नाही.

पुढची सभा रविवार ८ ऑक्टोबरला डब्लिनजवळ क्लॉन्टार्फ येथे होती. सरकारने आदल्या दिवशी दुपारी तिच्यावर बंदी घातली. लोक दूरदूरहून निघाले होते. सैन्य तैनात झाले, आखातात युद्धनौका उभ्या राहिल्या. ओकॉनेल यांच्यापुढे काही तासांचाच वेळ होता. त्यांनी सभा रद्द केली आणि घोडेस्वार पाठवून रस्त्यारस्त्यांवर लोकांना माघारी फिरवले. एकही माणूस मेला नाही. चळवळीचा जोर मात्र त्या दिवशी ओसरला. तरुण मंडळी नाराज झाली, म्हातारा भ्यायला असे कुजबुजू लागली. मी या प्रश्नावर पुष्कळ विचार केला आहे. जालियनवाला बागेत काय झाले ते आपण जाणतो. त्या शनिवारी संध्याकाळी त्यांच्या जागी मी असतो तर मीही लोकांना परत पाठवले असते.

सभा रद्द करूनही सरकारने त्यांना कटाच्या आरोपाखाली पकडले. ज्युरीत एकही कॅथॉलिक नव्हता. ३० मे १८४४ रोजी एक वर्षाची शिक्षा झाली. तीन महिन्यांनी लंडनच्या हाउस ऑफ लॉर्ड्सने ती अन्यायाची ठरवून रद्द केली. ८ सप्टेंबरला, मरियामातेच्या जन्मदिनी, डब्लिनच्या मुख्य चर्चमध्ये आभाराची मिस्सा झाली. सत्तरीकडे झुकलेल्या ओकॉनेल यांची तब्येत मात्र तुरुंगाने खालावली होती. १८४६ मध्ये तरुण सहकारी त्यांना सोडून गेले. शस्त्राचा मार्ग कायमचा त्याज्य आहे, हे मानायला ते तयार नव्हते.

आणि मग बटाटा सडला. १८४५ च्या शरद ऋतूत पिकावर रोग पडला, पुढच्या वर्षी जवळजवळ सगळे पीक गेले. गरीब माणूस तर बटाट्यावरच जगत होता. एकूण दहा लाखांच्या आसपास माणसे भुकेने आणि तापाने मेली, त्याहून अधिक देश सोडून गेली. ८ फेब्रुवारी १८४७ रोजी ओकॉनेल हाउस ऑफ कॉमन्समध्ये शेवटचे बोलले. पुढे पंतप्रधान झालेले बेंजामिन डिझरायली तिथे होते. ते ओकॉनेल यांचे जुने वैरी, पण त्यांनी लिहिलेली आठवण वाचवत नाही. टेकड्यांवर लाखोंना ऐकू जाणारा तो आवाज इतका क्षीण झाला होता की, जवळच्या थोड्यांनाच शब्द कळले. सभागृह स्तब्ध बसून होते. मदत केली नाही तर आमच्या लोकांपैकी पाव हिस्सा मरेल, एवढेच तो म्हातारा विनवत होता.

डॉक्टरांनी उबदार हवेत जायला सांगितले. त्यांना रोमला जाऊन पोप नववे पायस यांना भेटायचे होते. मार्चमध्ये मुलगा डॅनिअल, नोकर डगन आणि फादर जॉन मायली यांच्याबरोबर ते निघाले. पॅरिसमध्ये मोंतालांबेर आणि इतर फ्रेंच कॅथॉलिक पुढारी मान द्यायला आले, पण त्यांना उत्तराचे चार शब्दही धड बोलवेनात. रोमपर्यंत ते पोहोचलेच नाहीत. १५ मे १८४७ रोजी इटलीतील जिनोआ बंदरातल्या एका हॉटेलात, अंत्यसंस्कार स्वीकारून, फादर मायली प्रार्थना म्हणत असताना त्यांनी प्राण सोडला. वय ७१.

त्यांच्या इच्छेप्रमाणे हृदय रोमला गेले. आयरिश कॉलेजच्या चर्चमध्ये ते एका पात्रात ठेवले होते. पुढे कॉलेज दुसरीकडे हलले आणि ते पात्र कुठे गेले याचा पत्ता लागला नाही. देह आयर्लंडला परत आणला. ऑगस्टच्या सुरुवातीला ते जहाज डब्लिनच्या आखातात शिरत होते, त्याच वेळी दुष्काळाने घर सोडायला लावलेल्या माणसांनी खचाखच भरलेले दुसरे जहाज बाहेर पडत होते. शवपेटी कुणाची हे कळताच ती माणसे डेकवर गुडघे टेकून बसली आणि गावाकडे मेलेल्या माणसासाठी जसा मोठ्याने विलाप करतात तसा त्यांनी केला. मग दोन्ही जहाजे आपापल्या वाटेने गेली. ५ ऑगस्ट १८४७ रोजी ओकॉनेल यांना ग्लासनेविनच्या दफनभूमीत पुरले. ही दफनभूमी त्यांच्याच प्रयत्नांनी १८३२ साली सुरू झाली होती, कॅथॉलिकांना आपल्या माणसांसाठी कबरीवर मोकळेपणी प्रार्थना म्हणता यावी म्हणून. आणि तिथे कोणत्याही पंथाच्या माणसाला पुरायची मुभा आहे.